कणीस कुठून आलं? बदलत्या गोमंतकीय गावाची नोंद कशी ठेवावी

जनगणनेच्या हिशेबात गावाचं शहर व्हायला तीन अटी लागतात. वस्ती किमान ५,०००, दर चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसं, आणि मुख्य कामकरी पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेरच्या कामात. तिसरी अट पुन्हा वाचा. मोजतात ते फक्त पुरुष. गोव्यात तरवा (भाताची रोपं) काढणं, लावणी, बेणणी (तण काढणं) ही कामं मुख्यतः बायकांची. म्हणजे नवरा कारखान्यात किंवा हॉटेलात लागला की बायको गुडघाभर चिखलात उभी असतानाच गाव कागदावर शेतीतून बाहेर पडतो. २०११ साली गोव्यात अशी ५६ जनगणना-शहरं होती आणि राज्याची ६२ टक्के लोकसंख्या शहरी धरली गेली. ही शहरं बहुतेक ठिकाणी पंचायतीच्या दप्तरात अजून गावंच आहेत.

कागदावरचं शहर आणि पायाखालचं गाव यांच्यामधल्या काळात नेमकं काय बदललं, याची नोंद एका वर्षात कशी करायची ते इथे दिलं आहे. वाचनालय, हायस्कूलचा वर्ग, महिला मंडळ, कोणीही करू शकतं. चार-पाच माणसं, दोन जाड वह्या, एक फोन आणि चिखलात उतरायची तयारी एवढं पुरतं.

हद्द आणि वेळ

आख्खा गाव घेऊ नका. एक वाडा आणि त्या वाड्यावरची माणसं ज्या शेतांत उतरत होती तो एक पट्टा, एवढंच घ्या. खाजनाचा (भरतीच्या पाण्यातून बांध घालून मिळवलेल्या जमिनीचा) गाव असेल तर एका मानशीखाली, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या एका दाराखाली, येणारी सगळी जमीन हा आपोआप पडलेला तुकडा असतो. सत्तरी, सांगे, काणकोणाकडे एका व्हाळाच्या (ओढ्याच्या) पाण्यावरची कुळागरं (सुपारी-नारळाच्या बागा) आणि त्यांच्याखालची शेतं धरा. सत्तर-ऐंशी पोटहिस्से आणि चाळीस-पन्नास घरं चौघांना वर्षभरात झेपतात. त्याच्या दुप्पट घेतलं की शिगम्याच्या आत वही बंद पडते.

कागदपत्रं मेमध्ये काढा. पहिली शिवारफेरी ऑगस्टच्या दुसऱ्या पंधरवड्यात करा, कारण तोवर सरदाची (पावसाळी भाताची) लावणी संपलेली असते आणि भात व तण वेगळं ओळखू येतं. मुलाखती कापणीनंतर. धालो, म्हणजे बायकांची गाणी-नाच, पौषात, वायंगणाची (पावसाळ्यानंतरच्या पिकाची) फेरी फेब्रुवारीत. फेरी मेमध्ये मात्र करू नका. उन्हाळ्यात पिकतं शेत आणि दोन वर्षांचं पडीक सारखंच दिसतं, गुरांनी दोन्ही चरलेली असतात.

एक-चौदाचा उतारा वाचणं

पट्ट्यातल्या प्रत्येक पोटहिश्श्याचा एक-चौदाचा उतारा (गोव्यातला सात-बारा) काढा आणि भूमापन खात्याकडून नकाशा घ्या. गावठाणाबाहेरचे नकाशे बहुधा १:१००० प्रमाणात मिळतात, म्हणजे कागदावरचा एक सेंटिमीटर जमिनीवर दहा मीटर. शंभर मीटरचा बांध दहा सेंटिमीटर दिसतो. इतक्या मोठ्या नकाशावर मेरा (शेताचे बांध), पायवाटा, विहिरी सगळं पेन्सिलीने भरता येतं. मूळ नकाशावर लिहू नका. छायाप्रत काढा आणि प्रत्येक फेरीला नवी प्रत वापरा.

उताऱ्यावर लोक कब्जेदाराचं नाव बघतात आणि कागद घडी घालून ठेवतात. तुमच्या कामाचं खरं धन त्याच्या वरच्या बाजूला आहे. तिथे शेताच्या नावाचा रकाना आहे, आणि खाली लागवडीच्या क्षेत्राचे सहा प्रकार: जिरायत, बागायत, तरी, खाजन, केर, मोरड. १९६८ च्या जमीन महसूल संहितेनंतर जी मोजणी झाली तिच्यात हे भरले गेले. म्हणजे शेतीप्रधान गोव्याने स्वतःच्या जमिनीकडे कसं पाहिलं त्याचा हा शेवटचा सरकारी फोटो समजा. खाजन म्हणजे भरतीच्या पाण्यातून बांध घालून मिळवलेली जमीन, केर म्हणजे मधल्या पट्टीतली वाळसर शेतं, मोरड म्हणजे उंचावरची, नुसत्या पावसावरची. आजचा मुलगा या तिन्हींना 'शेत' म्हणतो. त्याच्या आजीच्या दृष्टीने ती तीन वेगळी कामं, तीन वेगळी बियाणी आणि तीन वेगळे पगार होते.

उताऱ्यावर विश्वास किती ठेवायचा? क्षेत्रावर आणि नकाशाच्या रेषेवर बऱ्यापैकी. कब्जेदाराच्या नावावर कमी, कारण वारसनोंद झालेली नसली तर मेलेला माणूस तीस-तीस वर्षं मालक राहतो. पीकपाहणीच्या रकान्यावर जवळजवळ नाहीच, तो बऱ्याचदा कोरा असतो. उताऱ्यात 'तरी' लिहिलेल्या जागी दोन मजली घर दिसलं तर दचकू नका आणि लगेच बेकायदा म्हणून शिक्काही मारू नका. रूपांतराची सनद असू शकते. वहीत फक्त 'उतारा: तरी, जागेवर: घर' एवढं लिहा.

शेतांची नावं रोमीत (रोमन लिपीत) लिहिलेली असतील तर ती इंग्रजीसारखी वाचायची नाहीत, पोर्तुगीज वळणाने वाचायची. 'एक्स' म्हणजे श. शेल्डें आणि शिरोडा ही दोन्ही नावं त्या वळणात 'एक्स'ने सुरू होतात. 'क्यू-यू-ई' म्हणजे के, म्हणून केपें. शब्दाच्या शेवटचा 'एम' म्हणजे म नव्हे, नाकातला अनुस्वार. त्यातूनच मांद्रेंचं इंग्रजी बोलणाऱ्यांनी 'मांद्रेम' केलं. ळ रोमीत नाहीच, तिथे एक किंवा दोन 'एल' असतात आणि ल की ळ हे शेतात जाऊन विचारल्याशिवाय कळत नाही. प्रत्येक नाव वाड्यावरच्या दोन वेगवेगळ्या जाणत्यांकडून बोलून घ्या आणि देवनागरीत लिहा. नाव कोणालाच आठवत नसेल तर तेही लिहा. ज्या वर्षी शेताचं नाव कोणालाच येत नाही, त्या वर्षापासून लोक त्या जागेला 'प्लॉट' म्हणू लागतात.

क्षेत्राच्या बाबतीत एक अडचण हमखास येते. उतारा हेक्टर-आरमध्ये बोलतो आणि म्हातारी माणसं बियाण्यात: 'दोन कुडवांचं शेत', 'अर्ध्या खंडीचं शेत'. वीस कुडवांची एक खंडी हे ठरलेलं आहे, पण कुडवाचं माप गावागणिक कमीजास्त असतं. घरात जुनं माप असेल तर त्यात सुकं भात भरा, वर पट्टी फिरवा आणि किलोच्या काट्यावर तोला. तीनदा तोलून सरासरी घ्या. मग बियाण्याला उताऱ्यातल्या क्षेत्राने भागा. मोरडीत फेकून पेरतात तेव्हा बी जास्त लागतं आणि चिखलात लावणी करताना कमी, म्हणून दोन्हींचा हिशेब एकत्र करू नका.

शिवारफेरी

सकाळी सातला निघा आणि अकराच्या आत परत या. प्रत्येक पोटहिश्श्याला पाचांपैकी एक अवस्था द्या: पिकतं, पडीक पण गवताळ, पडीक आणि झुडपं वा तिवरं उगवलेली, भराव घातलेलं, बांधलेलं. मधल्या छटा कितीही दिसल्या तरी सहावा रकाना काढू नका, पाच वर्षांनी तुलना करणारा माणूस गोंधळेल.

पडीक ओळखायची खूण तणात असते. नुसतं गवत आणि लव्हाळा असेल तर पडीक ताजं. पाणकणीस दाट माजलं असेल तर निचरा तुंबलेला, आणि बहुधा जवळच मोरी न घालता केलेला रस्ता सापडेल. तिवराची कमरेएवढी झाडं म्हणजे खारं पाणी काही वर्षं आत-बाहेर करतं आहे. तिवर आलं की मामला पालटतो. खारफुटीला कायद्याचं संरक्षण असल्याने आता शेतकऱ्यालाही ती तोडून पुन्हा भात लावता येत नाही. फुटलेला बांध दोन पावसाळ्यांत दुरुस्त झाला तर शेत वाचतं, दहा वर्षांनी त्याचं जंगल झालेलं असतं, आणि तेही चांगलंच असतं, पण ते शेत नसतं. म्हणून तिवराशेजारी त्याची अंदाजे उंची लिहा.

भराव असेल तर शेजारच्या शेताच्या पातळीपासून काठीने उंची मोजा आणि पाणी कोणत्या बाजूला वळलं ते बाणाने दाखवा. एका शेतातला दीड मीटर भराव वरच्या चार शेतांचा निचरा मारतो. त्या चार शेतांच्या पुढे पुढल्या वर्षी 'मजूर मिळत नाही' असं कारण नोंदलं जातं.

फोटो नेहमी त्याच मेरेवरून, त्याच दिशेला तोंड करून काढा. वहीत लिहा: 'मानशीच्या दक्षिण कोपऱ्यातून, नदीकडे पाठ.' गूगल अर्थवर जुनी उपग्रहचित्रं बघायची सोय आहे. साधारण २००० च्या पुढच्या काळासाठी ती चांगली मदत करतात, पण ढगाळ पावसाळ्यातली चित्रं जवळपास नसतात आणि उन्हाळ्यातल्या चित्रांत वर सांगितलेलीच फसगत होते.

मानस

खाजनाच्या गावात एक अख्खा दिवस मानशीवर घालवा. गोव्यात सुमारे १८,००० हेक्टर खाजन आहे आणि त्यातल्या प्रत्येक पट्ट्याचं नशीब अशा एकेका दारावर टांगलेलं आहे. मानस म्हणजे बांधातली पाण्याची वाट: दोन्ही बाजूंना चिऱ्यांच्या भिंती, मध्ये लाकडी झडपा. झडपा अशा टांगलेल्या असतात की भरतीचं पाणी नदीकडून रेटा देतं तेव्हा त्या आपोआप मिटतात, आणि ओहोटीला आतलं पाणी जड होऊन त्यांना बाहेर ढकलतं. वीज नाही, चाक नाही. ओहोटीच्या वेळी तोंडाशी जाळं लावलं की मासळी मिळते, त्या मासळीची पावणी (लिलाव) होते आणि पावणीच्या पैशातून बांधाची डागडुजी, अशी मूळची बैठक.

भरती सुरू व्हायच्या अर्धा तास आधी पोचा आणि पाणी फिरेपर्यंत थांबा. काय बघायचं: झडप पूर्ण मिटते का, फळीत फट आहे का, मुद्दाम दगड वा फळकूट अडकवून ती उघडी ठेवली आहे का. शेवटची गोष्ट नेहमीची आहे. ज्याने मासळीची पावणी घेतली त्याला खारं पाणी जितकं आत येईल तितकं बरं, ज्याचं भात आहे त्याला ते थेंबभरही नको. दोघेही वाड्यावरचेच असतात. जोवर शेती हाच मुख्य धंदा होता तोवर शेतकऱ्याचा शब्द चालायचा. पुढे भातापेक्षा मासळीला पैसा जास्त झाला आणि दाराची किल्ली हातची गेली. गावाची ओळख कशी पालटते हे शिकवायला याहून चांगली जागा नाही.

मग बांधावरून चाला. बाहेरचा बांध चिखल, पेंढा आणि चिऱ्यांचा असतो. खेकड्यांची आणि उंदरांची भोकं, झाडाच्या मुळांनी काढलेल्या भेगा, नदीतून वेगाने जाणाऱ्या बोटींच्या लाटांनी पोखरलेला पायथा, हे सगळं नकाशावर टिंबांनी दाखवा. आतल्या पोयंत (बांधामागच्या खोलगट पाणसाठ्यात) पाणी आहे की गाळ, ते काठी बुडवून मोजा. मातीतला खार मोजायचं यंत्र कृषी खात्याच्या प्रयोगशाळेत असतं. मातीतल्या पाण्याचा आकडा दर मीटरला ३ डेसिसीमेन्सच्या वर गेला की साधी भाताची जात उत्पन्न घटवू लागते. कोरगुट हे जुनं देशी भात त्याच्याही पुढे तग धरतं, म्हणूनच खाजनात ते होतं.

आणि विचारा: बांध फुटला तर पहिला फोन कोणाला? पूर्वीचं उत्तर गांवकारी, म्हणजे कोमुनिदाद, गावाची सामाईक जमीन सांभाळणारी संस्था. २० एप्रिल १९७६ पासून कूळ कायद्याच्या पाचव्या दुरुस्तीने कसणारं कूळ जमिनीचं मालक मानलं गेलं. बांध सांभाळायची जबाबदारी कुळांच्या संघटनांकडे आली, त्यासाठीचे नियम १९७५ चे. कोमुनिदादचा खंड आटला, पण संघटनेला पावणीच्या पैशाशिवाय दुसरं उत्पन्न नव्हतं. काही संघटना छान चालतात, काहींची बैठक फक्त पावणीच्या दिवशी होते. आजच्या उत्तरात आमदार, पंचायत, मृदसंधारण विभाग, 'कोणालाच नाही' यांपैकी काहीही येईल. जे येईल ते शब्दशः लिहा.

घरोघरचा तक्ता

प्रत्येक घराला एक ओळ द्या, तीन पिढ्या आणि प्रत्येक पिढीत पुरुष व बाई वेगळे. रकाने: कोणाच्या जमिनीवर घर (स्वतःच्या, भाटकाराच्या म्हणजे जमीनदाराच्या, कोमुनिदादच्या), मुख्य काम, हंगामी काम, कामासाठी कुठवर जाणं. 'काही करत नव्हती, घरीच होती' असं आईबद्दल किंवा आजीबद्दल उत्तर आलं तर पुढचे तीन प्रश्न ठरलेले: तरवा कोण काढायचं, वायंगणानंतर अळसांदे नि मिरची कोण लावायचं, बाजारात टोपली कोण न्यायचं? रकाना भरून जातो.

नमुन्याची ओळ अशी दिसेल. आजा: भाटकाराचा मुंडकार (त्याच्या जमिनीवर घर करून राहणारा), माड आणि शेत, आजी: लावणी, मिठागरात उन्हाळी काम. बाप: तारवटी (जहाजावर कामाला), पुढे गल्फ, आई: १९९० पर्यंत शेत, नंतर घर. मुलगा: टॅक्सी, सून: औषध कारखान्यात पाळीने काम. शेत: दोन सरद पडीक. डिचोली, सत्तरी, धारबांदोडा, सांगे, केपें भागात या तक्त्यात खाणीचा ट्रक येणारच. तिथे खाणी बंद पडल्या ती २०१२ आणि २०१८ ही दोन वर्षं वेगळी दाखवा. ट्रक थांबल्यावर किती घरं शेताकडे वळली, किती वळलीच नाहीत, आणि खाणीच्या मातीने भरलेल्या शेतांत वळायला जागाच उरली नव्हती ती किती, हे वेगवेगळं मोजा.

भाड्याने राहणारी घरं वगळू नका. कर्नाटकातून किंवा उत्तरेकडून आलेलं कुटुंब दहा पावसाळे याच शेतांत लावणी करत असेल, तर गोव्यातली शेती आज त्याच्या हातात आहे. त्याला तक्त्यातून गाळून 'आमच्या गावाची ओळख' लिहिणं म्हणजे जनगणनेने बायकांचं केलं तेच करणं.

कोणाचा गाव?

गावाची मालकी आणि गावात राहणं या दोन गोष्टी गोव्यात कधीच एक नव्हत्या. जुन्या काबिजादींत, म्हणजे पोर्तुगिजांनी आधी जिंकलेल्या तिसवाडी, बार्देश, सासष्टीत, कोमुनिदाद ही गांवकारांची संस्था. हक्क वांगडांतल्या (गांवकारांच्या मूळ कुळांतल्या) पुरुषवंशाला, वर्षाचा वाटा म्हणजे जण. १५२६ च्या फोरालात (सनदेत) या गांवकारी रीती पोर्तुगिजांनी लिहून घेतल्या, आणि अजून लागू असलेली कोमुनिदाद संहिता १९६१ च्या एप्रिलमधली, मुक्तीला आठ महिने असतानाची. तिचे तीन प्रशासक म्हापसा, पणजी आणि मडगावला बसतात. नव्या, म्हणजे नंतर जिंकलेल्या, काबिजादींत देवस्थान, महाजन (देवळाचे हक्कदार) आणि मांड (गावाच्या विधींची जागा) यांच्याभोवती हीच रचना वेगळ्या रूपात दिसते. पणजीच्या पुराभिलेखागारात जुन्या नोंदी पोर्तुगीज, मोडी आणि गोंयकानडीतही आहेत. मोडी वाचणारा माणूस सोबत असेल तर दिवस सत्कारणी लागतो, नसेल तर आधी तो शोधा.

म्हणून 'पूर्वी सगळा गाव एक होता' हे वाक्य मुलाखतीत आलं की लिहा जरूर, पण ते कोणाच्या तोंडून आलं तेही लिहा. मुंडकाराला घर शाकारायलाही भाटकाराचं तोंड बघावं लागे, त्याच्या घराला १९७५ च्या कायद्याने संरक्षण मिळालं. गावडा, कुणबी, वेळीप यांना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळायला २००३ उजाडलं. १९६३ च्या निवडणुकीत भाऊसाहेब बांदोडकरांना सत्तेवर आणणाऱ्यांत कूळ-मुंडकारांचा वाटा मोठा होता, आणि १९६७ च्या जनमत कौलातला महाराष्ट्रात विलिनीकरणाचा वाद भाषेइतकाच जमिनीचाही होता, हे शेताचा तक्ता हातात घेऊन बसलं की पटतं. ज्या बदलाने शेत पडीक पडलं, बऱ्याचदा त्याच बदलाने कोणाच्या तरी डोक्यावरचं छप्पर स्वतःचं केलं. दोन्ही गोष्टी एकाच पानावर ठेवा.

मुलाखत

भाटकाराला 'बाब' आणि शेतात राबलेल्या म्हाताऱ्याला एकेरी, ही जुनी खोड आपल्याही जिभेवर असते. सगळ्यांना सारखं बोला. प्रश्न कोंकणीतच विचारा आणि शेताचे शब्द, तरवो, मेर, लुंवणी, पोयं, जसे आले तसे उतरवा. वही मराठीत असली तरी त्या शब्दांचं मराठी करू नका. पंख्याखाली आणि कुत्र्याजवळ ध्वनिमुद्रण करू नका, नंतर एक शब्द लागत नाही. पाऊण तास पुरे.

'पूर्वी कसं होतं?' या प्रश्नाला भाषण मिळतं. त्याऐवजी एकेका शेतावर बोट ठेवा: इथे शेवटचं भात कधी लावलं? कोणतं बी? कोणी लावलं? पुढच्या वर्षी का नाही? सन आठवत नसेल तर खुंट्या द्या: मुक्तीच्या आधी की नंतर, ओपिनियन पोल (जनमत कौल) झाला होता का, कूळ कायदा, चोगमची म्हणजे राष्ट्रकुल प्रमुखांची बैठक (१९८३), भाषेचं आंदोलन (१९८६), घटक राज्य (१९८७), कोकण रेल्वे धावली तेव्हा (१९९८), कोविड. बायकांसाठी स्वतःचं लग्न आणि पहिलं मूल या याहून पक्क्या खुंट्या असतात.

पडीक का, याचं पहिलं उत्तर 'मजूर नाही' हेच येतं. ते खरं असतं, पण तिथे थांबू नका. 'मजूर मिळाले असते तर लावलं असतं का?' असं विचारा. मग वाटणी झालेली नाही, भाऊ पोर्तुगालला, कुळाचा खटला चालू, मोकाट गुरं, रानडुकरं, रस्त्याने अडवलेलं पाणी, किंवा सरळ भाव यायची वाट, यांतलं काहीतरी बाहेर पडतं. दोन्ही उत्तरं क्रमाने लिहा. शेजारच्या शेतांच्या तारखा जुळवल्या की आणखी एक कारण दिसतं जे कोणीच सांगत नाही: मधलं एक शेत पडलं, गुरांना वाट मिळाली आणि दोन वर्षांत रांग पडली.

बियाण्याच्या प्रश्नातून तर साखळीच हाती येते. मजूर महागले म्हणून कापणीयंत्र आलं. यंत्राला सगळी शेतं एकदम पिकलेली हवीत, म्हणून पट्टाभर भाताची एकच जात, ज्योती. उंच वाढणारं कोरगुट मागे पडलं, लांब पेंढा गेला, यंत्रातून निघालेला पेंढा तुटका, त्यावर गुरं पोसत नाहीत. गुरं गेली तसं शेण गेलं नि नांगर माळ्यावर चढला. आणि गोठ्याच्या जागी भाड्याची खोली उभी राहिली. प्रत्येक दुव्याला तुमच्या वाड्यावरचं वर्ष लावा.

कणीस

सण बघायला सगळेच जातात. तुम्ही सणातला माल बघा. चवथीच्या दुसऱ्या दिवशी, नव्याच्या पंचमीला, घरात नवं कणीस येतं. रायच्या चर्चमध्ये ५ ऑगस्टला, ताळगावात २१ ऑगस्टला कणसाचं फेस्त होतं. वाड्यावरच्या प्रत्येक घराला एकच प्रश्न विचारा: यंदाचं कणीस कुठून आलं? उत्तरांचे चार गट पडतात: आपल्या शेतातलं, शेजाऱ्याच्या शेतातलं, बाजारातून विकत, आणलंच नाही. दोन वाक्यांत मिळणारं हे उत्तर तीन तासांच्या मुलाखतीपेक्षा जास्त सांगतं. ताळगाव तर आता पणजीचं उपनगरच, तरी कणीस कापलं जातं, म्हणजे विधीला पिकापेक्षा जास्त आयुष्य आहे. ते कणीस कोणत्या तुकड्यातून येतं आणि तो तुकडा कोण सांभाळतं, हा तिथला खरा प्रश्न.

धालोच्या मांडावर बायका किती, त्यांतल्या किती जणी अजून शेतात उतरतात, गाणी तोंडपाठ की वहीतून, आणि मांड मातीचा की फरशीचा, एवढं नोंदवा. पूर्ण गाणी उतरवायची असतील तर आधी विचारा, काही ठिकाणी ती मांडाबाहेर म्हणत नाहीत. शिगम्याच्या बाबतीत गावातल्या मांडावरचा शिगमा आणि शहरातली चित्ररथांची मिरवणूक यांची नोंद वेगळी ठेवा. दोन्हींत नाचणारी मुलं तीच असतात, तारखा मात्र आता मिरवणुकीच्या सोयीने हलू लागल्या आहेत का ते बघा.

छापण्याआधी

वही तयार झाली की वाड्यावर वाचून दाखवा. दोन स्रोतांतून न जुळलेली गोष्ट पेन्सिलीतच ठेवा. चालू खटले, मेरेचे तंटे आणि कोणाच्या घरातल्या वाटण्या छापायच्या नाहीत.

याहून महत्त्वाचं म्हणजे पोटहिस्सा क्रमांक, मालक कुठे राहतो आणि शेत किती वर्षं पडीक, या तीन गोष्टी एका तक्त्यात कधीही बाहेर देऊ नका. 'पडीक, आठ वारस, सगळे परदेशात' ही ओळ जमिनीच्या दलालाला आयती मिळते. २०२३ च्या कायद्याने भातशेती बिगरशेतकऱ्याला विकण्यावर बंधन आलं आणि १९९१ च्या कायद्याने कुळाच्या जमिनीचा वापर बदलायला मनाई आहे, तरी नगर नियोजन कायद्याच्या ३९-ए कलमाखाली विभागबदलाच्या (जमिनीचा झोन बदलण्याच्या) जाहिराती राजपत्रात येत राहतात आणि हरकतीसाठी ३० दिवस असतात. तुमच्या पट्ट्याचे सर्व्हे क्रमांक पाठ असलेला एक माणूस गटात ठेवा आणि राजपत्र नेमाने चाळायचं काम त्याला द्या.

छापील प्रतीत क्रमांकांऐवजी शेतांची नावं वापरा. क्रमांकांची चावी असलेली एक प्रत बंद पाकिटात वाचनालयाच्या कपाटात राहू द्या, पाकिटावर फेरीची तारीख आणि पुढच्या फेरीचं वर्ष लिहून. ध्वनिमुद्रणं दोन वेगळ्या ठिकाणी साठवा, कारण जून महिन्यात कपाटातल्या हार्ड डिस्कलाही बुरशी धरते.